बर्फाशिवाय सांग्रिया, तीपण सोलापूरच्या मे महिन्यात

सोलापुरात मे महिन्यात नुसती रेड वाईन प्यायची म्हणजे येडेपणा आहे, हे आधीच सांगते. पारा ४३ च्या वर, नळ सोडला तर टाकीतलं पाणी हात भाजतंय, आणि त्यात ती कोमट तुरट वाईन, कोण पिणार ओ. आमच्या घरात वाईन म्हणजे कुणीतरी पुण्याहून गिफ्ट आणतंय, ती कपाटात साड्यांच्या मागं पडून राहती आणि वर्षाभरानं पुढं कुणाला तरी गिफ्ट जाती. पण तीच वाईन फळं घालून आंबट-गोड केली, वर सोडा ओतला आणि चांगली गारेगार करून घेतली तर उन्हाळ्यात त्याच्यासारखं काही नाही. स्पेनच्या लोकांना हे कधीचंच कळलंय, ह्यालाच ते सांग्रिया म्हणतात, त्यांचा उन्हाळा पण काही साधा नसतो, सेव्हिल-कोर्दोबाकडं जुलैत पारा सहज चाळिशी पार करतोय.

नणंद सुट्टीला पुण्याहून आली होती, तिनंच विषय काढला. "वहिनी, आपण सांग्रिया करू ना घरी, हॉटेलात एका ग्लासाचे किती घेतात माहितीये का तुला?" मी म्हणलं करू की, त्यात काय अवघड आहे, पण मग मी मोबाईलवर दहा ठिकाणच्या रेसिप्या वाचल्या आणि सगळीकडं शेवटी एकच ओळ, जग बर्फानं गच्च भरा. इथंच माझी गाडी अडली. आमच्या जुळे सोलापुरात संध्याकाळी सातला गच्चीवर बर्फ घालून काहीही ठेवा, पाच-दहा मिनिटात निम्मं पाणी. म्हणजे तुम्ही वाईन नाही, वाईनचं विसळलेलं भांडं पिणार. आणि बाहेरचा लादीचा बर्फ तर घ्यायचाच नाही, तो मासे आणि बाकीचा माल टिकवायला असतोय, त्यासाठीच तर महाराष्ट्रात २०१८ पासून न खायचा बर्फ निळा करायचा नियम आलाय. घरच्या फ्रीजच्या दोन ट्रेमधी होऊन होऊन किती बर्फ होणार, त्यात पाण्याचा वार नसला की प्यायचं पाणी आधी मोजून वापरायचं. म्हणून ठरवलं, बर्फ बाद. गारवा फळांनीच आणायचा.

आता फळं. मार्चच्या शेवटी-एप्रिलला द्राक्षं स्वस्त होतात तेव्हा मी काळी द्राक्षं धुवून, फडक्यावर पूर्ण कोरडी करून, सुट्टी सुट्टी पसरून फ्रीझरला टाकलेली होती, पोरांना उन्हात चघळायला. ही शरद सीडलेस, आपल्याच नान्नजच्या नानासाहेब काळ्यांनी काढलेली जात, सोनाका पण त्यांचीच. लोकांना नान्नज माळढोकमुळं माहिती असतंय, पण द्राक्षवाल्यांना विचारा काळ्यांचं नाव. तर ही गोठलेली द्राक्षं म्हणजे बर्फाचे खडेच, फरक एवढाच की ती वितळली तरी पाणी सोडत नाहीत, आणि शेवटी खायला मिळतात ते वेगळंच. कोरडी करून ठेवायची मात्र, ओली ठेवली की सगळा एकच गोळा होतोय आणि मग बत्त्यानं फोडत बसा.

कलिंगड पण तसंच. बिया काढून सुपारीएवढे नाही, जरा मोठे, लाडूच्या निम्म्याएवढे तुकडे, ताटात पसरून फ्रीझरमधी. कलिंगडात ९० टक्क्यांच्या वर पाणीच असतंय त्यामुळं ते दगडासारखं गोठतं. पण एक लक्षात ठेवा, कलिंगड वाईनमधी आधीपासून भिजत घालायचं नाही, रात्रभरात त्याचा लगदा होतोय आणि पंच, म्हणजे हे वाईन-फळांचं पेय, गढूळ दिसतो. ते प्यायच्या वेळेलाच पडलं पाहिजे.

भिजवायला मी डाळिंब आणि सफरचंद घेतलं. रेसिप्यांमधी पीच लिहिलेलं असतंय, ते इथं मे महिन्यात शोधत कोण फिरणार आणि डाळिंबाच्या जिल्ह्यात राहून पीच कशाला. सोलापूर डाळिंबाला २०१६ ला जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन, मिळालाय, केगावला राष्ट्रीय डाळिंब संशोधन केंद्र आहे, आणि आम्ही मात्र सांग्रियात स्पॅनिश फळं हुडकायची! भगवा जातीचं डाळिंब घेतलं, लक्ष्मी मार्केटमधून, साल जरा कडक आणि कोनदार झालेलं, म्हणजे आत दाणे गच्च भरलेत.

डाळिंब सोलायचं काम सासूबाईंचं. मी आणि नणंद आडवं कापतो आणि मग रस ओट्यावर, भिंतीवर, गाऊनवर, सगळीकडं. त्या कधी आडवं कापत नाहीत. वरचा मुकुट टोकदार सुरीनं गोल कोरून काढतात, आत बघितलं की पांढऱ्या पडद्यांच्या रेघा दिसतात, मग त्या रेघांवरून सालीला वरून खाली नुसता चरा, दाण्याला सुरी लागायची नाही. मग दोन्ही अंगठे घालून उघडलं की फळ पाकळ्या पाकळ्या होऊन बसतंय, एक थेंब सांडत नाही. एकेक पाकळी परातीवर उपडी धरायची आणि पाठीवर चमच्यानं टकटक, दाणे आपोआप खाली. हे चाललं असताना त्यांनी विचारलं, कशात घालणार आहात. नणंदेनं सांगितलं. त्या म्हणल्या, "घाला की, मला काय. माझ्यापुरतं वेगळं करा पण, त्या वासाचं मला नको." मी मनात ह्याच्यापेक्षा मोठ्या प्रकरणाची तयारी करून ठेवली होती.

निम्मे दाणे अख्खे ठेवले, निम्म्याचा रस काढला. मिक्सर लावू नका, बिया भरडल्या की रस तुरट-कडू होतोय. जाड प्लास्टिकच्या पिशवीत दाणे घालून वरून लाटणं फिरवायचं आणि मग चाळणीतनं गाळायचं, एवढंच.

वाईनचं आमच्या ह्यांच्यावर सोपवलं होतं. एक मेला ड्राय डे, दुकानं बंद, त्यामुळं तीस तारखेलाच आणा म्हणून दोनदा सांगितलं. तर हे आले गोव्याची पोर्ट वाईन घेऊन, "गोड आहे, तुम्हाला आवडेल" म्हणून. आवडेल ना, पण ती आधीच एवढी गोड असती की त्यात फळांचा रस घातला तर सरबताचा पाक होतोय. पोर्टच असेल घरात तर साखर अजिबात घालू नका आणि लिंबू दुप्पट करा, चालून जातंय. मी परत पाठवलं आणि सांगून पाठवलं, ड्राय रेड, साधी, लाकडी पिंपात मुरवलेली नको, पिळायच्या झाकणाची असली तर बरं कारण आपल्या घरात कॉर्कस्क्रू कुणाकडं असतोय.

लाकडात मुरवलेली नको ह्याला कारण आहे. वाईन जितकी गार करू तितका तिचा तुरटपणा पुढं येतो. भारी, जड, खूप टॅनिनवाली (टॅनिन म्हणजे वाईनमधला तुरट अंश) रेड फ्रीजमधी ठेवून प्याली तर जीभ आखडती. कोवळी, हलकी, आंबटपणा असलेली बरी. आम्हाला सँजोव्हेज मिळाली, अकलूजच्या फ्रॅटेलीची. अकलूज आमच्याच जिल्ह्यात, शंभरेक किलोमीटरवर. इटलीचे दोन भाऊ, दिल्लीचे दोन भाऊ आणि अकलूजच्या मोहिते-पाटलांच्या घरातले दोन भाऊ अशा तिघा घरांनी मिळून हे चालू केलंय, आणि सँजोव्हेज ही मूळची इटलीतल्या टस्कनीची द्राक्षाची जात, तिथली किआंती वाईन होते ती ह्याच द्राक्षांची. आता ती माळशिरस तालुक्याच्या माळरानावर वाढती. नणंद म्हणली अगं मग ही इटालियन सांग्रिया झाली. म्हणलं झाली तर झाली, तशीही २०१४ च्या युरोपच्या कायद्याप्रमाणं बाटलीवर नुसतं सांग्रिया लिहून विकायचा हक्क स्पेन आणि पोर्तुगाललाच आहे, आपल्याला बाटलीत भरून विकायची नाहीये.

ब्रँडी बऱ्याच रेसिप्यांत असती, मी घातली नाही. एक तर तिनं पंच जड होतोय, दुसरं म्हणजे गोड-आंबट चवीत ती कळत नाही आणि माणूस सरबत समजून तीन ग्लास पितोय. नुसत्या वाईनवर हिशोब असा पडतो, ७५० मिलीची बाटली १३ टक्क्यांची, त्यात सोडा आणि रस मिळून तेवढंच, म्हणजे झालेला पंच साडेसहा टक्क्यांच्या आसपास. उन्हाळ्यात तेवढं बास. (आणि हो, आपल्याकडं वाईनला वय २१ लागतंय, ब्रँडीला २५, घरात कॉलेजची पोरं असतील तर हे पण बघा.)

आदल्या रात्री केलं ते एवढंच. काचेची बरणी घेतली. लोणच्याची जुनी बरणी कितीही घासली तरी घेऊ नका, वास सोडत नाही. आणि पितळी-तांब्याचं भांडं तर नकोच, आंबट आहे हे सगळं. त्यात वाईन, सफरचंदाच्या सालीसकट पातळ फोडी, डाळिंबाचे दाणे आणि रस, दालचिनीचा एक तुकडा, आणि एका लिंबाची नुसती वरची साल, किसणीवर हलक्या हातानं फिरवून. खालचा पांढरा भाग आला की रात्रभरात कडवटपणा उतरतोय. झाकण लावून फ्रीजमधी. साखर कोरडी घातली नाही, गार वाईनमधी ती लवकर विरघळत नाही, तळाशी बसती. एक वाटी साखर एक वाटी पाणी उकळून साधा पाक केला, तारेचा नाही, नुसता विरघळण्यापुरता, आणि गार करून बाटलीत ठेवला.

मोसंबीबद्दल जरा सांगते कारण तिथंच बऱ्याच जणांचा पंच बिघडतो. मेमधी चांगलं नागपुरी संत्रं संपलेलं असतंय, बाहेरदेशीचं महाग, म्हणून मोसंबी. पण मोसंबीचा रस काढून ठेवला की काही वेळानं कडू होतोय, हे सगळ्यांनी अनुभवलेलं असतंय. त्यामुळं मोसंबी रात्री भिजवायची नाही, रस प्यायच्या आधी काढायचा आणि लगेच वापरायचा. आणि तिला आंबटपणा कमी म्हणून लिंबू जास्त लागतंय. उन्हाळ्यात लिंबाचा भाव ऐकून जीव जातो ते सोडा, पण इथं काटकसर करू नका, लिंबू नसेल तर ह्या पंचात काही राम नाही.

आंब्यावरून घरात वाद झाला. नणंदेला हापूसच्या फोडी घालायच्या होत्या. माझं मत पक्कं आहे, रेड वाईनमधी आंबा घालायचा नाही. गर सुटतो, पंच दाट होतोय, सोडा ओतला की वर फेस येतोय, आणि आंब्याची चव वाईनला आणि वाईनची आंब्याला मारती. दोन्ही चांगल्या वस्तू वाया. आमरस जेवणात खा ना पोटभर. व्हाइट वाईन असती तर एकवेळ विचार केला असता, पण तिथं पण मी खरबूज आणि पुदिना घालेन.

दुसऱ्या दिवशी दुपारी चारला लाईट गेली. जाणारच होती. आता फ्रीज उघडायचा नाही हे सगळ्यांना दरडावून सांगितलं, तरी पोरं पाण्याच्या बाटलीसाठी दोनदा उघडून आली. सहा वाजले तरी पत्ता नाही, बरणी काढली तर गार होती पण पाहिजे तेवढी नाही. मग सासूबाईंनीच सांगितलं, माठाला करतो तसं करा. घमेल्यात चार बोटं पाणी घेतलं, बरणी मधी ठेवली, सोलापुरी टॉवेल ओला करून बरणीभोवती गुंडाळला, टॉवेलचं टोक पाण्यात बुडलेलं ठेवलं म्हणजे तो वर पाणी ओढत राहतोय, आणि गच्चीच्या दारात वाऱ्यावर ठेवलं. आपल्याकडची हवा कोरडी म्हणून हे जमतं. पाणी उडून जाताना उष्णता घेऊन जातंय, तेच माठाचं तत्त्व. मुंबईला करून बघा, टॉवेल नुसता कोमट ओला राहील. फ्रीजएवढं गार होत नाही पण आहे तो गारवा टिकतो, आणि तासाभरात लाईट आलीच, परत आत टाकली.

आठ वाजता गच्चीवर शिंपडून घेतलं, सतरंजी टाकली. शेवटची जुळणी तिथंच केली. बरणीत दोन मोसंब्यांचा रस, दोन लिंबं, मग पाक थोडा थोडा. पाक घालताना चव गार असतानाच बघायची, कारण थंडीत गोडपणा कमी कळतो. कोमट असताना बरोबर वाटलं की गार झाल्यावर फिकं लागतंय. आम्हाला अर्धी वाटी लागला. मग चिमूटभर काळं मीठ, ते कुठल्या स्पॅनिश रेसिपीत नाही, पण मीठ कडवटपणा दाबतंय, आणि सोलापूरच्या माणसाला त्याशिवाय सरबत सरबत वाटत नाही.

सोडा सगळ्यात शेवटी, आणि तोही कडक गार केलेला. कोमट सोड्यातला गॅस ओतल्या ओतल्या उडून जातोय, गार सोड्यात टिकतो. बरणीत नाही ओतायचा, ग्लासातच. आधी तीन-चार गोठलेली द्राक्षं, दोन कलिंगडाचे तुकडे, त्यावर बरणीतलं डावभर फळांसकट निम्म्याच्या वर, मग ग्लास तिरका धरून कडेनं सोडा. हलवायचं एकदाच, खालून वर. त्या गोठलेल्या द्राक्षांवर लगेच पांढरं धुकं धरतं, बाहेरून ग्लासाला घाम सुटतो, आणि डाळिंबाचे दाणे सोड्याच्या बुडबुड्यांवर बसून वर येतात, फुटला बुडबुडा की परत खाली. पोरं आपापले ग्लास सोडून हेच बघत बसलेली.

पोरांचं आणि सासूबाईंचं वेगळं होतं. आमसुलं कोमट पाण्यात भिजवून काढलेलं पाणी, डाळिंबाचा रस, मोसंबी, तोच पाक, काळं मीठ, सोडा. खरं सांगू का, रंग अगदी सारखा. अंधारात गच्चीवर कुणाच्या हातात काय आहे कळणार नाही एवढा सारखा, म्हणून आधीच ठरवून टाकलं, वाईनवालं फक्त काचेच्या ग्लासात, बिनवाईनचं स्टीलच्या फुलपात्रात, अदलाबदल नाही. हे नक्की करा. आणि भिजलेली फळं पोरांच्या हाताला लागू देऊ नका, सफरचंदाच्या त्या फोडीत रात्रभर वाईन मुरलेली असती, दिसायला साधी फोड, पण ती पण दारूच. मोठ्यांनी पण बशीभर फळं खाल्ली की मग ग्लास किती झाले ते मोजून उपयोग नाही.

खायला काय ठेवायचं ह्यावर मी चीज-बिस्किटं वगैरे आणणार होते, हे म्हणले काही नको, शेंगाचटणी आणि कडक भाकरी काढ. आणि खरंच, शेंगाचटणीचा तो तेलकट तिखटपणा आणि वरून गार आंबट घोट, जमलंय एकदम. फक्त सोबत साध्या पाण्याचा जग ठेवा आणि प्रत्येक ग्लासामागं ग्लासभर पाणी प्या. दिवसभर घाम गेलेला असतोय, त्यात दारू अंगातलं पाणी अजून कमी करती, रात्री डोकं धरून बसायचं नसेल तर हे ऐका. शेजारचे आण्णा बारा वाजता बाईक काढायला निघाले होते, त्यांच्या बायकोनं किल्ली काढून घेतली आणि चालत नेलं, दोन गल्ल्या तर होत्या.

एका बाटलीत आम्हाला सहा मोठे ग्लास झाले. ज्यांना एवढा खटाटोप नकोय त्यांच्यासाठी अजून सोपं आहे, स्पेनमधी घरोघरी उन्हाळ्यात पितात तो तिंतो दे वेरानो, म्हणजे निम्मी गार रेड वाईन आणि निम्मा लिंबू-सोडा, बास. आपल्याकडचा गोड लिंबाचा गोटी सोडा त्यासाठी उत्तम. एक गोटी फोडायची, तेवढीच वाईन घालायची, वर गोठलेली द्राक्षं. फळं चिरायची नाहीत, रात्रभर वाट बघायची नाही. राहिलेली अर्धी बाटली पण अशीच संपवायची, कारण रेड वाईन एकदा उघडली की झाकण लावून फ्रीजमधी ठेवली तरी तीन-चार दिवसात तिची चव उतरती.

तळाला जी वाईनमधली फळं उरली ती नणंदेनं मिक्सरला फिरवून, गाळून, थोडा पाक घालून कुल्फीच्या साच्यात ओतली. वाईनमुळं ती पूर्ण कडक गोठत नाहीत, चमच्यानं खरवडून खायची. साच्यावर मी स्केचपेननं "मोठ्यांचं" लिहिलंय आणि फ्रीझरच्या सगळ्यात आत, मटारच्या पिशवीमागं ठेवलंय.